नीलकंठ शास्त्री आणि चोळांची युद्धे

मध्ययुगीन युद्धांचा इतिहास लिहिणाऱ्यापुढे एक अडचण नेहमीच उभी असते. युद्धाची हकीकत बहुधा जिंकणाऱ्याने लिहून ठेवलेली असते आणि तीही स्वतंत्र वृत्तांत म्हणून नव्हे, तर देवाला किंवा ब्राह्मणांना दिलेल्या दानाच्या लेखाची प्रस्तावना म्हणून. दान कोणाचे, किती आणि कशासाठी हे लेखात काटेकोरपणे सांगितलेले असते. युद्ध मात्र स्तुतीच्या भाषेत येते. पराभूतांची बाजू एक तर नष्ट झालेली असते, किंवा शेकडो कोसांवरच्या दुसऱ्या एखाद्या शिळेवर तितक्याच अतिशयोक्तीने कोरलेली असते. अशा साधनांतून विश्वसनीय इतिहास कितपत उभा करता येतो, या प्रश्नाचे एक भरीव उत्तर प्रा. के. ए. नीलकंठ शास्त्री यांच्या कार्यात सापडते. त्या उत्तराच्या मर्यादाही तेथेच दिसून येतात.

या कार्याचा एक मुख्य आधार तंजावरच्या बृहदीश्वर मंदिराच्या भिंतींवर आहे. मराठी वाचकाला हे मंदिर परिचित आहे ते दुसऱ्या शरफोजीराजांच्या काळात, १८०३ साली तेथे कोरविण्यात आलेल्या भोसले घराण्याच्या प्रदीर्घ मराठी लेखामुळे. परंतु त्याच मंदिराच्या दगडावर त्याहून आठशे वर्षे जुने तमिळ लेख आहेत. चोळ सम्राट पहिला राजराज याने (राज्यकाल ९८५ ते १०१४) हे मंदिर उभारले. आपल्या कारकिर्दीच्या पंचविसाव्या वर्षातील २७५ व्या दिवशी, म्हणजे इ. स. १०१० मध्ये, त्याने विमानाच्या शिखरावर बसविण्यासाठी कलश अर्पण केला, अशी नोंद तेथे आहे. देवाचे दागिने, मूर्ती, दिव्यांसाठी दिलेली जनावरे, चाकरीस लावलेल्या नर्तकी, निरनिराळ्या गावांनी द्यावयाचे धान्य, व्याजाने ठेवलेल्या रकमा या सर्वांचा तपशील या लेखांत दिलेला आहे. आणि त्यांच्या आरंभी राजाच्या विजयांची यादी आहे.

एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापर्यंत हे लेख विद्वानांना जवळजवळ अपरिचित होते. मंदिर कोणी बांधले याविषयी स्थानिक आख्यायिका वेगवेगळी नावे सांगत. १८८६ मध्ये मद्रास सरकारने ऑयगेन हुल्ट्श या जर्मन संस्कृत पंडिताची पुराभिलेखज्ञ म्हणून नियुक्ती केली. त्यांनी व त्यांचे सहकारी व्ही. वेंकय्या यांनी भिंतींवरील लेखांचे ठसे घेऊन ते वाचले आणि १८९१ पासून ते ग्रंथरूपाने प्रसिद्ध होऊ लागले. मंदिराचा कर्ता राजराज होय, हे त्यामुळे निर्विवाद ठरले. पुढील चाळीस वर्षांत दक्षिणेतील हजारो लेखांच्या नकला सरकारी दप्तरात जमा झाल्या. साहित्य विपुल होते. त्यातून सलग इतिहास रचणारा अभ्यासक मात्र हवा होता.

कल्लिडैकुरिच्चि नीलकंठ शास्त्री यांचा जन्म १२ ऑगस्ट १८९२ रोजी तिरुनेलवेलीजवळच्या त्याच नावाच्या गावी झाला. मद्रास ख्रिश्चन कॉलेजात त्यांचे उच्च शिक्षण झाले. १९१३ ते १९१८ या काळात त्यांनी तिरुनेलवेलीच्या हिंदू कॉलेजात अध्यापन केले. त्यानंतर दोन वर्षे ते बनारस हिंदू विद्यापीठात इतिहासाचे प्राध्यापक होते. तेथून परतल्यावर चिदंबरम् येथील नव्या महाविद्यालयाचे प्राचार्यपद त्यांनी सांभाळले. १९२९ मध्ये एस. कृष्णस्वामी अय्यंगार यांच्यानंतर मद्रास विद्यापीठात भारतीय इतिहास व पुराणवस्तुशास्त्राचे प्राध्यापक म्हणून त्यांची निवड झाली आणि १९४६ पर्यंत त्यांनी ते पद भूषविले. पांड्य राज्यावरील त्यांचा ग्रंथ १९२९ मध्येच प्रसिद्ध झाला होता. १९३५ आणि १९३७ मध्ये ‘द चोळाज’ हा त्यांचा मुख्य ग्रंथ प्रसिद्ध झाला. त्याची सुधारलेली दुसरी आवृत्ती १९५५ मध्ये निघाली. शास्त्रींनी स्वतःला युद्धेतिहासकार म्हणवून घेतले नाही. राज्यव्यवस्था, ग्रामसभा, करपद्धती, धर्म, वाङ्मय या सर्वांचा त्यांनी परामर्श घेतला. तथापि चोळांची राजकीय कथा ही मुख्यतः स्वाऱ्यांची कथा असल्यामुळे, त्या स्वाऱ्यांचा क्रम, मार्ग आणि काल ठरविण्यात त्यांचे बरेचसे परिश्रम खर्ची पडले.

त्यासाठी त्यांना उपयोगी पडली ती खुद्द राजराजानेच रूढ केलेली एक प्रथा. राजाच्या पराक्रमांचे ठराविक शब्दांत वर्णन करणारी तमिळ प्रशस्ती, जिला ‘मेय्कीर्ति’ म्हणतात, त्याने आपल्या लेखांच्या आरंभी घालण्यास सुरुवात केली. राज्यात कोठेही लेख कोरला गेला तरी त्याच्या प्रारंभी तेच शब्द येत. नवा विजय मिळाला की प्रशस्तीत एका वाक्याची भर पडे. शिवाय प्रत्येक लेखात राजाच्या कारकिर्दीचे वर्ष दिलेले असे. साहजिकच एखाद्या राजाचे सर्व लेख वर्षानुक्रमे मांडले, तर कोणता विजय कोणत्या वर्षी प्रथम नमूद झाला हे कळते. ती स्वारी त्या वर्षी किंवा त्यापूर्वी थोड्याच काळात घडली असली पाहिजे, असे अनुमान करता येते. स्तुतिपर मजकुरावर पूर्ण विश्वास न ठेवताही त्यातून कालक्रम काढण्याचा हा मार्ग आहे. चोळ इतिहासाचा जो सांगाडा आज पाठ्यपुस्तकांत दिसतो, तो बऱ्याच अंशी या पद्धतीने उभा राहिला आहे.

राजराजाचा पुत्र पहिला राजेंद्र याने समुद्रापलीकडे केलेली स्वारी हे या पद्धतीचे सर्वांत प्रसिद्ध उदाहरण होय. राजेंद्राच्या चौदाव्या वर्षापासूनच्या लेखांत या स्वारीचा उल्लेख येतो. त्यावरून ती १०२५ च्या सुमारास झाली असे ठरते. तिचे सविस्तर वर्णन तंजावरच्याच मंदिरात, राजेंद्राच्या एकोणिसाव्या वर्षी, म्हणजे १०३० मध्ये, कोरलेल्या लेखात आढळते. हिंदोळणाऱ्या समुद्रातून अनेक जहाजे पाठवून कडारम्‌चा राजा संग्रामविजयोत्तुंगवर्मन् याला त्याच्या हत्तींसह पकडले, त्याचा खजिना आणि नगरद्वाराचे तोरण घेतले, असे सांगून हा लेख श्रीविजयापासून कडारम्‌पर्यंत तेरा ठिकाणांची नावे देतो.

ही ठिकाणे कोणती, हा प्रश्न बराच काळ सुटला नव्हता. आरंभी काही अभ्यासकांनी कडारम् ब्रह्मदेशात शोधले. १९१८ मध्ये फ्रेंच विद्वान जॉर्ज सदेस यांनी चिनी वृत्तांत, मलाय प्रदेशातील शिलालेख आणि तमिळ लेख एकत्र ठेवून श्रीविजय हे सुमात्रातील पालेम्बांग येथे केंद्र असलेले सागरी राज्य होते, असे सिद्ध केले. या शोधाचा पुरेपूर उपयोग शास्त्रींनी करून घेतला. कडारम् म्हणजे मलाय द्वीपकल्पावरील केडा, मनक्कवारम् म्हणजे निकोबार, इलामुरिदेशम् म्हणजे सुमात्राचे उत्तर टोक, अशा स्थलनिश्चितींच्या आधारे त्यांनी या मोहिमेचे चित्र रेखाटले. पुढे १९४९ मध्ये त्यांनी श्रीविजयाचा स्वतंत्र इतिहासही लिहिला. दक्षिण हिंदुस्थानविषयी परकीय प्रवाशांनी व लेखकांनी केलेल्या नोंदींचा त्यांचा संग्रह १९३९ मध्ये प्रसिद्ध झाला होता. दगडावरील लेख एकटा पुरेसा नाही, त्याला देशोदेशींच्या साक्षीची जोड हवी, ही त्यांची धारणा या ग्रंथांतून स्पष्ट होते.

परंतु ही स्वारी का झाली? राजराजाच्या काळात दोन्ही राज्यांचे संबंध स्नेहाचे होते. कडारम्‌च्या राजाने नागपट्टणम् येथे बांधविलेल्या बौद्ध विहाराला राजराजाने आनैमंगलम् हे गाव दिल्याचा ताम्रपट उपलब्ध आहे. मग वीस वर्षांत युद्धाचा प्रसंग का यावा? प्रशस्ती कारण सांगत नाही. राजाला विजयासाठी कारण लागते असे तिला वाटतच नाही. शास्त्रींनी दोन शक्यता मांडल्या. चीनकडे जाणाऱ्या चोळांच्या व्यापारात श्रीविजयाने अडथळा आणला असावा, ही पहिली. दिग्विजयाची सीमा समुद्रापलीकडे नेण्याची राजेंद्राची आकांक्षा, ही दुसरी. आणि तीच त्यांना अधिक संभाव्य वाटली. नंतरच्या अभ्यासकांपैकी अनेकांचा कल व्यापाराकडे झुकला. तथापि शास्त्रींनी दोन्ही पर्याय वाचकासमोर ठेवले होते, ही गोष्ट ध्यानात घेण्याजोगी आहे.

कधी कधी एका शब्दावर संपूर्ण युद्ध अवलंबून असते. राजराजाच्या प्रशस्तीतील पहिला पराक्रम म्हणजे केरळच्या किनाऱ्यावरील कांदळूर-शालै येथे त्याने ‘कलम्’ तोडले, हा होय. तमिळमध्ये ‘कलम्’ म्हणजे जहाज, तसेच भांडे किंवा पात्रही. शास्त्रींनी जहाज हा अर्थ स्वीकारला. त्यानुसार राजराजाच्या कारकिर्दीचा आरंभ चेरांचे आरमार बुडविण्याने होतो. इतर काहींच्या मते ‘शालै’ ही ब्राह्मण विद्यार्थ्यांची भोजनासह चालणारी संस्था असून राजाने तेथील पात्रांची, म्हणजे जेवणाऱ्यांची, संख्या ठरवून दिली, एवढाच त्याचा अर्थ आहे. पहिला अर्थ घेतला तर नाविक विजय. दुसरा घेतला तर संस्थेची व्यवस्था. या वादाचा निकाल सर्वमान्य झालेला नाही.

प्रतिपक्षाचे लेख उपलब्ध असतील तेथे शास्त्रींनी ते चोळांच्या लेखांसमोर ठेवले. राजराजाच्या प्रशस्तीत साडेसात लक्षांच्या रट्टपाडीचा, म्हणजे कल्याणीच्या चालुक्यांच्या देशाचा, विजय एका ओळीत आटोपतो. जुन्या धारवाड जिल्ह्यातील होट्टूर येथे चालुक्य सत्याश्रयाच्या काळचा, १००७-०८ मधील, एक कानडी लेख आहे. चोळांनी नऊ लक्ष सैन्यानिशी येऊन देश लुटला, स्त्रिया, मुले आणि ब्राह्मण यांचा वध केला, स्त्रियांची विटंबना केली आणि अखेर सत्याश्रयाने त्यांना पळवून लावले, असे तो सांगतो. नऊ लक्ष हा आकडा अर्थातच ग्राह्य नाही. एवढ्या माणसांना आणि जनावरांना त्या कोरड्या प्रदेशात दाणापाणी पुरविणे अशक्य होते. परंतु आकडा खोटा म्हणून अत्याचारही खोटे, असा निष्कर्ष काढता येत नाही. श्रीलंकेतील ‘चूळवंस’ हा पाली इतिवृत्तग्रंथही चोळ सैन्याने विहार फोडून धातुगर्भातील ठेवी नेल्याचे सांगतो. राजेंद्राच्या सैन्याने पकडलेला लंकेचा राजा पाचवा महिंद चोळांच्या कैदेतच मरण पावला. एकमेकांशी संबंध नसलेल्या दोन प्रदेशांतील साक्षी एकाच दिशेने बोट दाखवितात, तेव्हा इतिहासकाराला तिकडे दुर्लक्ष करता येत नाही.

कोप्पम्‌ची लढाई महाराष्ट्राला विशेष जवळची आहे. १०५२ ते १०५४ च्या दरम्यान राजेंद्राचा पुत्र राजाधिराज आणि चालुक्य पहिला सोमेश्वर यांच्यात ‘पेराऱू’ म्हणजे महानदीच्या काठी कोप्पम् येथे तुंबळ युद्ध झाले. राजाधिराज हत्तीवर असतानाच मारला गेला. चोळ सैन्यात पळापळ सुरू झाली. तेव्हा त्याचा धाकटा भाऊ दुसरा राजेंद्र पुढे आला आणि रणभूमीवरच त्याला राज्याभिषेक झाला. चोळांचे लेख या युद्धाला आपला विजय म्हणतात आणि मृत राजाचा उल्लेख ‘हत्तीच्या पाठीवर निद्रिस्त झालेला देव’ असा करतात. दुसऱ्या राजेंद्राने कोल्हापूर येथे जयस्तंभ उभारला, असाही त्यांचा दावा आहे. उलट बाजूचा, गावरवाड येथील १०७१ च्या सुमाराचा जैन लेख म्हणतो की, जिनालये जाळणाऱ्या दुष्ट चोळाने अखेर सोमेश्वराला आपले मस्तक दिले. दोन्ही पक्ष एकाच घटनेविषयी बोलत आहेत. राजा पडला याविषयी त्यांच्यात मतभेद नाही. विजय कोणाचा, याविषयी मात्र आहे. शत्रू-मित्र दोघांच्याही लेखांत समान असलेला अंश खरा धरावा आणि बाकीचा तोलून पाहावा, हा नियम येथे उपयोगी पडतो.

रणभूमीचे स्थानही वादग्रस्त आहे. जे. एफ. फ्लीट यांनी ती कृष्णाकाठच्या खिद्रापूर येथे असल्याचे सुचविले. तेथील प्रसिद्ध मंदिराच्या कोपेश्वर या नावाशी कोप्पम् हे नाव जुळते. इतर अभ्यासकांनी कर्नाटकातील कोप्पळकडे निर्देश केला. खिद्रापूर मानले तर चोळ सैन्य आजच्या कोल्हापूर जिल्ह्यात येऊन लढले आणि कोल्हापूरच्या जयस्तंभाचा दावा भूगोलाच्या दृष्टीने सुसंगत ठरतो. कोप्पळ मानले तर तो दावा पुष्कळच लांबचा होतो.

लेखांच्या जोडीला एक मूक साक्षीदारही आहे. तंजावरच्या कलासंग्रहालयात काळ्या दगडाची एक द्वारपालाची मूर्ती आहे. कुंभकोणम्‌जवळच्या दारासुरम्‌हून ती आली. तिच्या पीठावर, कल्याणपुर जाळून विजयराजेंद्राने आणलेला हा द्वारपाल, अशा अर्थाचा तमिळ मजकूर कोरलेला आहे. विजयराजेंद्र हे राजाधिराजाने घेतलेले नाव. मूर्तीची घडण तमिळ देशातील नाही, चालुक्य शिल्पाची आहे. कल्याणीवरील चोळांचा हल्ला ही केवळ कविकल्पना नव्हती, याचा असा पुरावा क्वचितच हाती लागतो.

सैन्याच्या रचनेविषयीही तंजावरच्या भिंती बोलतात, मात्र आडवळणाने. देवालयाच्या व्यवस्थेच्या संदर्भात अनेक लष्करी पथकांची नावे तेथे नोंदलेली आहेत. त्यांत धनुर्धारी आहेत, घोडेस्वार आहेत, हत्तीदळाचे लोक आहेत. पथकांना बहुधा राजाच्या बिरुदावरून नाव दिलेले असे. उदाहरणार्थ, ‘पंडितचोळ-तेरिंद-विल्लिगळ्’ म्हणजे पंडितचोळाचे निवडक तिरंदाज. ठिकठिकाणच्या लेखांतून अशा सुमारे सत्तर पथकांची नावे जुळविता आली. शांततेच्या काळात ही पथके देवस्थानच्या कारभारातही भाग घेत, हे त्यावरून कळते. परंतु सैन्याचा एकूण आकडा, कवायत, रसदीची व्यवस्था, जहाजांची बांधणी व संख्या यांविषयी लेख जवळजवळ मौन पाळतात. युरोपातील मध्ययुगीन युद्धांच्या अभ्यासकाला पगारपत्रके आणि किल्ल्यांचे हिशेब उपलब्ध होतात. चोळांच्या अभ्यासकाला तसे दप्तर नाही. म्हणूनच शास्त्रींच्या ग्रंथात मोहिमा ठळक दिसतात आणि लढण्याची पद्धती अंधुक राहते.

शास्त्रींच्या इतिहासलेखनावर पुढे जे आक्षेप आले, त्यांचा रोख साधनांच्या वाचनापेक्षा त्यामागील राज्यकल्पनेवर होता. चोळ राज्य हे बळकट केंद्रसत्तेचे, शिस्तबद्ध नोकरशाहीचे आणि बायझंटाइन दरबाराची आठवण करून देणाऱ्या वैभवाचे साम्राज्य होते, असे त्यांचे चित्र होते. अमेरिकन इतिहासकार बर्टन स्टाइन यांनी १९८० मध्ये प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात ते नाकारले. राजाची प्रत्यक्ष सत्ता कावेरीच्या खोऱ्यापुरती असून इतरत्र ती नाममात्र होती, असे त्यांचे प्रतिपादन होते. जॉर्ज स्पेन्सर यांनी १९७६ मधील निबंधात आणि १९८३ मधील पुस्तकात चोळांच्या स्वाऱ्यांचा लुटीच्या दृष्टीने विचार केला. सैन्याला आणि सरदारांना बांधून ठेवण्यासाठी राजाला सतत संपत्ती हवी होती आणि ती परमुलुखातून आणावी लागे, असे त्यांचे म्हणणे.

या मताला पुरावा पुन्हा तंजावरच्या भिंतीनेच पुरविला. सत्याश्रयाला जिंकून परतल्यावर राजराजाने देवाच्या चरणी सोन्याची फुले वाहिली, असे तेथील लेख सांगतो. चेर व पांड्य यांच्या खजिन्यांतून आलेल्या धनाचे उल्लेख आहेत. लंकेतील गावांनी या मंदिराला द्यावयाच्या उत्पन्नाचीही नोंद आहे. हे लेख शास्त्रींनाही ज्ञात होते. त्यांनी त्यांत राजाची भक्ती आणि साम्राज्याचे ऐश्वर्य पाहिले. नंतरच्या पिढीने त्यात युद्धाचा हिशेब पाहिला. स्टाइन यांचे मतही पुढे जसेच्या तसे टिकले नाही. नोबोरू काराशिमा आणि वाय. सुब्बरायलु यांनी हजारो लेखांतील नावे, पदव्या आणि करसंज्ञा मोजून, कालखंडानुसार वर्गीकरण करून चोळ राज्यव्यवस्थेचा नव्याने अभ्यास केला. अकराव्या शतकात केंद्राची पकड वाढत गेल्याचे त्यातून दिसते. सुब्बरायलु यांनी ज्या तमिळ विद्यापीठात पुराभिलेखविद्येचे अध्यापन केले, ते १९८१ मध्ये तंजावर येथेच स्थापन झाले.

मद्रास विद्यापीठातून निवृत्त झाल्यावर शास्त्री १९५२ ते १९५५ या काळात म्हैसूर विद्यापीठात भारतविद्येचे प्राध्यापक होते. १९५५ मध्ये त्यांचा दक्षिण भारताचा इतिहास प्रसिद्ध झाला आणि तो पुढे कित्येक पिढ्यांच्या विद्यार्थ्यांनी वाचला. १९५७ मध्ये त्यांना पद्मभूषण हा सन्मान मिळाला. त्याच वर्षापासून १९७२ पर्यंत, आग्नेय आशियातील पारंपरिक संस्कृतींच्या अभ्यासासाठी युनेस्कोच्या पुढाकाराने मद्रास येथे चालविल्या गेलेल्या संस्थेचे ते संचालक होते. १५ जून १९७५ रोजी त्यांचे निधन झाले.

त्यांचे निष्कर्ष बदलले, तरी त्यांनी घालून दिलेला क्रम अद्याप वापरात आहे. कोणत्या वर्षी कोणती स्वारी झाली, कोणते नाव कोणत्या ठिकाणाचे, हे प्रश्न सोडविल्यावाचून स्वारी का झाली या प्रश्नाकडे वळता येत नाही. ते काम शास्त्रींनी केले होते, म्हणूनच त्यांच्या टीकाकारांना पुढचे प्रश्न विचारता आले.

मराठी वाचकाने ही पद्धती आपल्या साधनांनाही लावून पाहण्यास हरकत नाही. बृहदीश्वराच्या आवारातील १८०३ चा लेखही एका राजघराण्याने स्वतःविषयी लिहवून घेतलेला वृत्तांत आहे. तो भोसल्यांच्या वंशाचा आणि पराक्रमाचा गौरव करतो. परंतु तो कोरला गेला त्या वेळी, १७९९ च्या तहानंतर, तंजावरचा राज्यकारभार इंग्रजांच्या हाती गेलेला होता. राजराजाच्या प्रशस्तीप्रमाणेच या लेखालाही तो कोणी, केव्हा आणि कोणत्या परिस्थितीत लिहविला, शत्रूंची कागदपत्रे त्याविषयी काय सांगतात आणि दोघांत समान अंश कोणता, हे प्रश्न विचारावे लागतात. लेख आपल्या भाषेत आहे म्हणून हे प्रश्न टाळता येत नाहीत.